नीरो : राजवट, प्रतिमा आणि पुरावा

प्रस्तावना

‘रोम जळत होते तेव्हा नीरो फिडल वाजवीत होता’ हे वाक्य मराठी वाचकाला नवे नाही. सत्ताधाऱ्यांच्या बेपर्वाईवर टीका करताना अग्रलेखांत, सभांतील भाषणांत आणि वर्गातील व्याख्यानांतही ते सर्रास योजले जाते. फिडल हे वाद्य पहिल्या शतकातील रोममध्ये अस्तित्वातच नव्हते. नीरो जे वाजवीत असे ते किथारा, म्हणजे वीणेच्या जातीचे एक तंतुवाद्य. हा कालविपर्यास किरकोळ मानून सोडून देता येईल. परंतु ज्या आरोपावर नीरोची जगभरची अपकीर्ती आज उभी आहे, तो त्याच्यावरील सर्व आरोपांत पुराव्याच्या दृष्टीने सर्वांत कच्चा आहे, ही बाब सोडून देण्यासारखी नाही. ज्या कृत्यांविषयी फारशी शंका घेता येत नाही, त्यांचा या वाक्यात उल्लेखही नाही.

प्रस्तुत लेखात नीरोच्या इ.स. ५४ ते ६८ या कालखंडातील राजवटीचा परामर्श घेऊन ही विसंगती कशी निर्माण झाली याचा विचार केला आहे. नीरोला निर्दोष ठरविणे हा त्यामागील हेतू नाही. तसा प्रयत्न अधूनमधून होत असतो. पण मातेची व पत्नीची हत्या करविणाऱ्या राज्यकर्त्याची तरफदारी करताना पुराव्यावर जो ताण द्यावा लागतो, तो कोणत्याही गंभीर अभ्यासकाला मानवणारा नाही.

साधनांचे स्वरूप

नीरोविषयीची सलग माहिती प्रामुख्याने तीन ग्रंथकारांकडून मिळते. टॅसिटस हा रोमन सिनेटचा सदस्य होता आणि त्याचा ‘ॲनल्स’ हा ग्रंथ दुसऱ्या शतकाच्या पूर्वार्धात लिहिला गेला. सुएटोनियस हा सम्राट हेड्रियनच्या पदरी सचिव होता. त्याने लिहिलेली सम्राटांची चरित्रे साधारणतः त्याच काळातील आहेत. तिसरा डिओ कॅसियस हाही सिनेटचाच सदस्य. तो ग्रीक भाषेत आणि नीरोनंतर सुमारे दीडशे वर्षांनी लिहीत होता. त्याच्या इतिहासातील नीरोविषयक भाग मूळ स्वरूपात उपलब्ध नाही. अकराव्या शतकातील झिफिलिनस या बायझंटाइन भिक्षूने केलेल्या संक्षेपातून तो आपल्यापर्यंत पोहोचला आहे. नीरोचा मृत्यू झाला तेव्हा टॅसिटस बारा-तेरा वर्षांचा असावा. त्याच्या ग्रंथाचे हस्तलिखितही इ.स. ६६ मधील घटनांपाशी मध्येच तुटते, त्यामुळे राजवटीच्या शेवटच्या दोन वर्षांविषयी या तिघांतील सर्वांत विचक्षण इतिहासकार मूक आहे.

या तिघांनी ज्यांचा आधार घेतला ते थोरला प्लिनी, क्लुव्हियस रुफस आणि फेबियस रस्टिकस या नीरोच्या समकालीनांचे इतिहासग्रंथ नष्ट झाले आहेत. ज्यू इतिहासकार जोसेफस हा नीरोनंतर सत्तेवर आलेल्या फ्लेव्हियन घराण्याच्या आश्रयाखाली लिहीत होता; तेव्हा नीरोची बाजू घेण्याचे त्याला काहीच कारण नव्हते. असे असूनही त्याने स्वच्छपणे नमूद केले आहे की, नीरोविषयी अनेकांनी लिहिले असून काहींनी उपकृत असल्यामुळे सत्य टाळले, तर काहींनी द्वेषापोटी निर्लज्जपणे असत्य रचले. टॅसिटसनेही ग्रंथारंभीच सांगितले आहे की, टायबेरियसपासून नीरोपर्यंतच्या सम्राटांचे इतिहास ते हयात असताना भीतीने आणि त्यांच्या मृत्यूनंतर ताज्या द्वेषाने विकृत झाले होते. म्हणजे साधनांच्या विश्वासार्हतेविषयीची शंका ही आधुनिक अभ्यासकांनी वरून लादलेली नाही. ती त्या साधनांतच नोंदलेली आहे. नीरोसमर्थकांचे लेखन टिकले नाही आणि विरोधकांचे टिकले, एवढाच फरक काळाने केला.

राज्यारोहण आणि प्रारंभीची वर्षे

नीरोचा जन्म १५ डिसेंबर ३७ रोजी अँटियम येथे झाला. त्याचे मूळ नाव लुसियस डोमिटियस अहेनोबार्बस. त्याची आई अ‍ॅग्रिपिना ही लोकप्रिय सेनापती जर्मेनिकस याची कन्या आणि सम्राट कॅलिग्युलाची बहीण. इ.स. ४९ मध्ये तिने आपला सख्खा काका असलेल्या सम्राट क्लॉडियसशी विवाह केला. पुढील वर्षी क्लॉडियसने नीरोला दत्तक घेतले आणि ५३ मध्ये आपली कन्या ऑक्टेव्हिया त्याला दिली. क्लॉडियसचा स्वतःचा पुत्र ब्रिटॅनिकस वयाने लहान असल्यामुळे मागे पडला. १३ ऑक्टोबर ५४ रोजी क्लॉडियसचा मृत्यू झाला. विषारी अळंब्यांमुळे तो झाला असे प्राचीन लेखक सांगतात. नीरोला तेव्हा सतरावे वर्ष चालू होते.

राजवटीच्या आरंभी खरी सत्ता कोणाच्या हाती होती याचे उत्तर ग्रंथांपेक्षा नाण्यांवर अधिक स्पष्ट दिसते. इ.स. ५४ च्या नाण्यांवर नीरो आणि अ‍ॅग्रिपिना यांचे मुखवटे समोरासमोर आहेत, त्यानंतरच्या नाण्यांवर ते एकामागे एक आहेत, आणि लवकरच अ‍ॅग्रिपिना नाण्यांवरून नाहीशी होते. सत्तेचा लगाम तत्त्वज्ञ सेनेका आणि प्रिटोरियन रक्षकदलाचा प्रमुख बर्रस यांच्या हाती गेला होता. सिनेटपुढील नीरोचे पहिले भाषण सेनेकाने लिहिले होते. सिनेटचे अधिकार तिला परत देण्याचे आश्वासन त्यात होते. सोन्याचांदीच्या नाण्यांवर काही वर्षे सिनेटच्या ठरावाचा निर्देश होत राहिला, तोही याच धोरणाचा भाग होय. नीरोच्या एका पंचवार्षिक काळाची बरोबरी कोणत्याही सम्राटाला करता आली नाही, असे मत सम्राट ट्राजनच्या नावावर चौथ्या शतकातील एका लेखकाने नोंदविले आहे. ते कोणत्या पाच वर्षांना उद्देशून होते यावर मात्र एकमत नाही.

इ.स. ५८ मधील एक प्रसंग या संदर्भात उद्बोधक आहे. करवसुली करणाऱ्या मक्तेदारांविरुद्ध तक्रारी वाढल्या तेव्हा सर्व अप्रत्यक्ष कर रद्द करून टाकावेत असा विचार नीरोने मांडला. साम्राज्याचे उत्पन्नच बुडेल असे सांगून वडीलधाऱ्या सिनेटरांनी त्याला परावृत्त केले. परिणामी जे प्रत्यक्षात आले ते अधिक मर्यादित, पण व्यवहार्य होते. प्रत्येक कराचे आजवर गुप्त राहिलेले नियम जाहीरपणे लावावेत आणि वर्षभरात न मागितलेली बाकी पुन्हा मागू नये, असे आदेश निघाले. वीस वर्षांच्या तरुणाचा भाबडेपणा म्हणून या प्रसंगाकडे पाहता येते. कररचनेचा भार कोणावर पडतो याची जाणीव असलेला राज्यकर्ता म्हणूनही पाहता येते. टॅसिटसचा सूर पहिल्या अर्थाकडे झुकलेला आहे, तरी प्रत्यक्ष तपशील त्यानेच दिलेले आहेत.

सिद्ध असलेले गुन्हे

याच पहिल्या पाच वर्षांत ब्रिटॅनिकसचा मृत्यू झाला. इ.स. ५५ मध्ये, चौदावे वर्ष पूर्ण होण्याच्या सुमारास, तो भोजनाच्या वेळी कोसळला. अपस्माराचा झटका आला असे नीरोने उपस्थितांना सांगितले. प्राचीन लेखक एकमुखाने विषप्रयोग सांगतात.

मातृहत्येबाबत तर संदेहाला जागाच उरत नाही. इ.स. ५९ मध्ये बाई या किनाऱ्यावरील विहारस्थळी अ‍ॅग्रिपिनाला आपोआप मोडून पडणाऱ्या नौकेतून पाठविण्यात आले. ती पोहून वाचली, तेव्हा आरमारप्रमुख अनिसेटस याने तिच्या निवासस्थानी जाऊन तिला ठार केले. नौकेच्या कथेतील काही बारकावे नाटकी वाटतात हे खरे, परंतु हत्या झाली आणि ती नीरोच्या आज्ञेने झाली हे निर्विवाद आहे. तिने कट केला होता असा खुलासा सिनेटला पत्राने कळविण्यात आला, आणि त्या पत्राची भाषा सेनेकाची होती. सिनेटने आभारप्रार्थनांचा ठराव केला. सभागृहातून उठून गेला तो एकटा थ्रासिया पीटस. नीरोला राक्षस ठरविणारी परंपरा ज्या वर्गाने निर्माण केली त्या वर्गाचे त्या दिवसाचे वर्तन असे होते, हे विसरता येत नाही.

इ.स. ६२ मध्ये बर्रस मरण पावला, सेनेका सत्तेपासून दूर झाला आणि रक्षकदलाच्या प्रमुखपदी टायजेलिनस आला. राजद्रोहाचे खटले पुन्हा सुरू झाले ते याच वर्षी. वंध्यत्वाच्या कारणावरून ऑक्टेव्हियाला घटस्फोट देऊन नीरोने पॉपिया सबिना हिच्याशी विवाह केला. रोमच्या जनतेने ऑक्टेव्हियासाठी निदर्शने केली आणि पॉपियाचे पुतळे पाडले. त्यानंतर ऑक्टेव्हियावर व्यभिचाराचा आरोप रचण्यात आला, तिला पँडेटेरिया बेटावर धाडण्यात आले आणि तेथे तिची हत्या झाली. पॉपिया ६५ मध्ये गर्भवती असताना नीरोने मारलेल्या लाथेमुळे मरण पावली असे सांगितले जाते. परंतु गर्भवती राणीला लाथ मारणारा जुलमी राजा ही प्राचीन साहित्यातील ठराविक कथा असल्याने या प्रसंगाविषयी अभ्यासक साशंक आहेत.

नीरोला ‘जनतेचा सम्राट’ म्हणताना इ.स. ६१ मधील पेडॅनियस सेकुंडसचे प्रकरण समोर ठेवणे आवश्यक आहे. नगरप्रमुख पेडॅनियसचा त्याच्याच एका गुलामाने खून केला. जुन्या प्रथेनुसार घरातील सर्व, म्हणजे चारशे गुलामांना मृत्युदंड द्यावयाचा होता, आणि त्यांत स्त्रिया व मुलेही होती. रोमचे सामान्य लोक रस्त्यावर उतरले. सिनेटने दंड कायम केला. नीरोने वधस्थानाच्या वाटेवर दुतर्फा सैनिक उभे करून त्याची अंमलबजावणी करविली. घरातील मुक्त केलेल्या दासांनाही हद्दपार करावे ही सूचना मात्र त्याने फेटाळली. गुलामगिरीवर उभ्या असलेल्या व्यवस्थेला हात लावण्याचा प्रश्न त्याच्यापुढे कधी आलाच नाही.

रंगमंचावरील सम्राट

सिनेटचा रोष ओढवण्यास कारणीभूत झालेली गोष्ट हत्यांपेक्षा वेगळी होती. रोमन कायद्यात नट हा हीन दर्जाचा मनुष्य मानला जाई. त्याला नागरिकत्वाचे अनेक हक्क नसत. ग्रीक जगात मात्र गायन, वादन आणि रथशर्यती या प्रतिष्ठितांच्या कला होत्या. नीरोने इ.स. ६० मध्ये ग्रीक धर्तीवरील ‘नेरोनिया’ हा उत्सव रोममध्ये सुरू केला, ६४ मध्ये नेपल्स येथे तो स्वतः लोकांसमोर गायला आणि ६५ मध्ये रोमच्या रंगमंचावरही उभा राहिला. सरदारघराण्यांतील व्यक्तींनाही त्याने रंगमंचावर आणि रिंगणात उतरविले. सिनेटर वर्गाच्या दृष्टीने ही केवळ अभिरुचीची विकृती नव्हती. पदप्रतिष्ठेची संपूर्ण उतरंड त्यामुळे हास्यास्पद होत होती. प्रेक्षागृहातील सामान्यांना मात्र तो आपल्यात आल्यासारखा वाटला.

इ.स. ६५ मध्ये पिसोच्या नेतृत्वाखालील कट उघडकीस आला. त्यात सहभागी असलेल्या सुब्रियस फ्लेव्हस या लष्करी अधिकाऱ्याने नीरोच्या तोंडावर आपल्या द्वेषाची कारणे सांगितली. मातेचा व पत्नीचा घातक, सारथी, नट आणि आगलाव्या, असा तो क्रम टॅसिटसने नोंदविला आहे. खुनाच्या पंक्तीला रथ हाकणे आणि अभिनय करणे यांना बसविणारी ही यादी तत्कालीन मानसिकतेवर पुरेसा प्रकाश टाकते. या कटानंतर सेनेका, त्याचा पुतण्या कवी लुकान आणि पुढील वर्षी पेट्रोनियस व थ्रासिया यांना प्राण गमवावे लागले. यांपैकी सर्वांचा कटाशी संबंध होता असे म्हणता येत नाही.

इ.स. ६४ ची आग

फ्लेव्हसच्या यादीतील शेवटच्या आरोपाकडे आता वळता येईल. १८ जुलै ६४ रोजी उत्तररात्री, सर्कस मॅक्सिमसच्या पॅलेटाइन व सीलियन टेकड्यांलगतच्या टोकाशी असलेल्या दुकानांत आग लागली. दुकानांत ज्वालाग्राही माल होता आणि वारा जोराचा होता. सहा दिवसांनी ती आटोक्यात आली असे वाटत असतानाच टायजेलिनसच्या मालकीच्या जागेतून पुन्हा भडकली. रोमच्या चौदा विभागांपैकी तीन पूर्णपणे भस्मसात झाले, सात विभागांत थोडेफार अवशेष उरले आणि केवळ चार वाचले, असे टॅसिटस सांगतो. नीरो त्या वेळी अँटियम येथे होता. पॅलेटाइन आणि एस्क्विलाइन यांना जोडणारा त्याचा स्वतःचा प्रासाद या आगीत जळाला.

रोमला परतल्यावर त्याने जे केले त्याची नोंद, नीरोविषयी ममत्व नसलेल्या टॅसिटसनेच केली आहे. मार्सचे मैदान, अ‍ॅग्रिपाच्या सार्वजनिक इमारती आणि सम्राटाची खासगी उद्याने निराश्रितांसाठी खुली करण्यात आली. तात्पुरते निवारे उभारले गेले. ऑस्टिया बंदरातून व आसपासच्या नगरांतून अन्नसामग्री आणविण्यात आली आणि धान्याचा भाव मोडियस या मापाला तीन सेस्टर्सपर्यंत उतरविण्यात आला. पुनर्बांधणीचे नियम तर आजच्या नगररचनाकारालाही परिचित वाटतील. रस्ते रुंद व आखीव करावेत, इमारतींच्या उंचीवर मर्यादा असावी, दर्शनी भागी कमानदार पडव्या असाव्यात, दोन घरांना सामाईक भिंत नसावी, ठरावीक भागात लाकडाऐवजी गाबी किंवा अल्बा येथील अग्निरोधक दगड वापरावा आणि आग विझविण्याची साधने प्रत्येकाने हाताशी ठेवावीत, असे ते नियम होते. धान्य घेऊन येणाऱ्या नौकांनी परतताना राडारोडा भरून न्यावा आणि तो ऑस्टियाच्या दलदलीत टाकावा, इतका बारकाईचा विचार त्यात होता.

मग आगलावेपणाचा आरोप आला कोठून? आग विझविण्यास काही लोकांनी मज्जाव केला आणि मशाली फेकल्या, ‘आम्हांला आज्ञा आहे’ असे ते ओरडत होते, अशी नोंद आहे. लूट करण्यासाठी की खरोखर आज्ञेवरून, हे टॅसिटस सांगू शकत नाही. आग अपघाताने लागली की सम्राटाच्या कपटाने, हेही अनिश्चित असल्याचे तो म्हणतो. थोरला प्लिनी, सुएटोनियस आणि डिओ मात्र नीरोला निःसंशय दोषी धरतात. गायनाची कथा टॅसिटसकडे केवळ अफवा म्हणून येते. ट्रॉयच्या विनाशाचे गीत नीरो आपल्या खासगी रंगमंचावर गायला, असे त्या अफवेत म्हटले होते. सुएटोनियसकडे येईपर्यंत ती वस्तुस्थिती झाली असून जागा मिसेनसच्या मनोऱ्याची आहे. डिओकडे तोच प्रसंग राजवाड्याच्या छतावर घडतो. प्रत्येक पिढीबरोबर गायक थोडा अधिक उंच चढत गेला. आग लागली तेव्हा त्याच्यावर विश्वास ठेवायला लोक तयार नव्हते, ही गोष्ट मात्र खरी असावी. पाच वर्षांपूर्वी आईला मारणारा मनुष्य शहरही जाळू शकेल असे वाटणे अस्वाभाविक नव्हते. शिवाय जळालेल्या जागेवर त्याने लगेच आपला नवा प्रासाद बांधावयास घेतला.

अफवा शमेना तेव्हा तिची दिशा वळविण्यात आली. टॅसिटसच्या निवेदनानुसार ख्रिस्ती लोकांवर दोष ठेवण्यात आला. काहींना जनावरांची कातडी पांघरून कुत्र्यांकडून फाडविण्यात आले, काहींना क्रूसावर चढविले, काहींना रात्रीच्या दिव्यांसारखे जाळण्यात आले. त्या लोकांविषयी तिरस्कार बाळगणारा टॅसिटसही नमूद करतो की, ही हत्या लोकहितासाठी नसून एका माणसाच्या क्रौर्यासाठी आहे असे वाटून पाहणाऱ्यांना त्यांची दया आली. सुएटोनियस ख्रिस्ती लोकांना झालेल्या शिक्षेचा उल्लेख करतो, पण तिचा आगीशी संबंध जोडत नाही. या आधारावर ब्रेंट शॉ यांनी २०१५ मध्ये या छळाच्या ऐतिहासिकतेवरच प्रश्नचिन्ह उभे केले. इ.स. ६४ मध्ये रोमन अधिकाऱ्यांना ‘ख्रिस्ती’ हा वेगळा गट म्हणून ओळखता येणे शक्य नव्हते, असा त्यांच्या युक्तिवादाचा रोख आहे. ख्रिस्तोफर जोन्स यांनी २०१७ मध्ये त्याला उत्तर देऊन टॅसिटसचे निवेदन ग्राह्य धरले. टॅसिटसला खोटे पाडण्यास शॉ यांचा युक्तिवाद पुरेसा बळकट वाटत नाही. आणि टॅसिटसचे म्हणणे ग्राह्य असेल, तर नीरोचा खरा अपराध आग लावणे हा नसून आपल्यावरचे बालंट शहरातील सर्वांत दुर्बळ गटावर ढकलणे हा ठरतो. प्रचलित वाक्यात त्याचा मागमूसही नाही.

सुवर्णप्रासाद, नाणी आणि भारतीय बाजारपेठ

सेव्हेरस आणि सेलर या स्थपतींनी बांधलेला ‘डोमुस ऑरिया’ म्हणजे सुवर्णप्रासाद पॅलेटाइनपासून एस्क्विलाइनपर्यंत पसरला होता. त्यात कृत्रिम सरोवर, कुरणे व उपवने होती आणि प्रवेशद्वाराशी झेनोडोरसने घडविलेला भव्य कांस्यपुतळा होता. सुएटोनियसने उल्लेखिलेले फिरते भोजनगृह ही अतिशयोक्ती मानली जाई. २००९ मध्ये पॅलेटाइनवरील उत्खननात एका वर्तुळाकार यंत्ररचनेचे अवशेष मिळाल्यानंतर त्या मतात बदल झाला. काँक्रीटने छत घातलेले या प्रासादातील अष्टकोनी दालन रोमन वास्तुकलेच्या इतिहासात महत्त्वाचे मानले जाते.

या सर्वांचा खर्च प्रचंड होता. आशिया व ग्रीसमधील देवालयांतून मूर्ती उचलण्यासाठी अधिकारी पाठविले गेले. इ.स. ६४ च्या सुमारास चलनातही बदल झाला. एका रोमन पौंडातून चाळीसऐवजी पंचेचाळीस सुवर्णनाणी आणि चौऱ्याऐंशीऐवजी शहाण्णव चांदीचे दिनार पाडले जाऊ लागले, आणि चांदीत हीणही मिसळण्यात आले. हे उधळपट्टीचे लक्षण म्हणून सांगितले जाते. पण नीरोनंतरच्या सम्राटांनी हेच प्रमाण चालू ठेवले. डोमिशियनने ८२ मध्ये शुद्धता वाढविली, मात्र ८५ मध्ये त्याला पुन्हा नीरोच्याच प्रमाणाकडे यावे लागले.

या बदलाचा एक निःपक्षपाती साक्षीदार भारतात सापडतो. दक्षिण भारतात मिळालेल्या रोमन चांदीच्या नाण्यांच्या निधींत ऑगस्टस आणि टायबेरियस यांच्या दिनारांचे प्राबल्य असून ६४ नंतरचे हलके दिनार अगदी थोडे आहेत. भारतीय व्यापारी नाण्यावरील मुखवट्याकडे नव्हे, तर धातूकडे पाहत होते, असा याचा अर्थ बहुतेक नाणकशास्त्रज्ञ लावतात. ‘पेरिप्लस’ हे ग्रीक भाषेतील सागरी व्यापाराचे मार्गदर्शक साधारण याच काळातील आहे. पैठण आणि तगर म्हणजे तेर येथून गाड्यांनी भडोचला उतरणाऱ्या मालाची माहिती त्यात आहे. सातवाहनकालीन महाराष्ट्राच्या इतिहासात जो रोमन व्यापार अभ्यासला जातो, त्याच्या भरभराटीच्या दशकांत रोमच्या गादीवर नीरो होता. भारत साम्राज्यातून दरवर्षी पाच कोटी सेस्टर्स ओढून घेतो ही प्लिनीची तक्रार इ.स. ७७ च्या सुमारास, म्हणजे नीरोच्या मृत्यूनंतर एका दशकाच्या आतच लिहिलेली आहे.

प्रांत आणि पतन

प्रांतांतील चित्र एकसारखे नाही. ब्रिटनमध्ये ६०-६१ साली रोमन अधिकाऱ्यांच्या लोभामुळे राणी बुडिकाचे बंड झाले. बंड मोडल्यावर सूडबुद्धीने वागणाऱ्या प्रांताधिपतीस चौकशीनंतर बदलण्यात आले. ज्युडियात ६६ मध्ये पेटलेले युद्ध नीरोच्या हयातीत संपले नाही. पूर्वेकडे मात्र त्याच्या राजवटीचे खरे यश दिसते. आर्मेनियाचा राजा पार्थियन राजघराण्यातील असावा, परंतु त्याने मुकुट रोमच्या सम्राटाकडून स्वीकारावा, अशी तडजोड ६३ मध्ये सेनापती कॉर्ब्युलोच्या मध्यस्थीने झाली. ६६ मध्ये टिरिडेटिसने रोमला येऊन तो मुकुट घेतला. ही व्यवस्था ट्राजनच्या ११४ मधील स्वारीपर्यंत, म्हणजे सुमारे अर्धशतक टिकली. ती घडवून आणणाऱ्या कॉर्ब्युलोला ६७ मध्ये आत्महत्येचा आदेश मिळाला. सेनापतींना आपले प्राण सुरक्षित वाटेनासे झाले, आणि ज्या सैन्यावर साम्राज्य उभे होते त्याकडे सम्राट कधी फिरकला नाही. त्याच्या पतनाची कारणे शोधताना किथारापेक्षा या गोष्टीकडे अधिक लक्ष द्यावे लागते.

त्या वर्षी नीरो ग्रीसमध्ये होता. त्याच्यासाठी स्पर्धांची वेळापत्रके बदलण्यात आली. ऑलिंपियात दहा घोड्यांच्या रथातून पडूनही त्याला विजेता घोषित करण्यात आले. त्याच दौऱ्यात त्याने कॉरिंथची संयोगभूमी छेदणारा कालवा खोदण्यास आरंभ केला. एकोणिसाव्या शतकात पूर्ण झालेला कालवा त्याच आखणीवरून गेला आहे. याच संयोगभूमीवर त्याने ग्रीसला स्वातंत्र्य व करमाफी जाहीर केली. ते भाषण बिओशियातील अक्रायफिया येथील शिलालेखात सापडले असून, इतर सम्राटांनी नगरे मुक्त केली, नीरोने संपूर्ण प्रांत मुक्त केला, असा अभिमान त्यात व्यक्त झाला आहे. त्याच शिलालेखातील ग्रामस्थांच्या ठरावातून पुढे नीरोचे नाव काही ठिकाणी छिन्नीने खोडलेले आहे. व्हेस्पेशियनने ते स्वातंत्र्य काढून घेतले. तरीही प्लुटार्कने आपल्या एका संवादात परलोकातील नीरोची शिक्षा या एका सत्कृत्यामुळे सौम्य केली असून त्याला पुढील जन्म पाणथळीत गाणाऱ्या प्राण्याचा दिला आहे.

इ.स. ६८ च्या वसंतात गॉलमध्ये व्हिंडेक्सने बंड केले आणि स्पेनमधील प्रांताधिपती गाल्बा त्याला मिळाला. व्हिंडेक्सचा पराभव झाला तरी रोममधील रक्षकदल पैशाच्या आश्वासनावर फिरले. सिनेटने नीरोला सार्वजनिक शत्रू घोषित केले. ९ जून रोजी, शहराबाहेरील फाओन या मुक्तदासाच्या घरी, वयाच्या एकतिसाव्या वर्षी त्याने आपला शेवट करून घेतला.

मृत्यूनंतरचा नीरो

नीरोच्या मृत्यूनंतर कोणाला आनंद झाला आणि कोणाला दुःख, याची वर्गवारी टॅसिटसने दिली आहे. सिनेटर आनंदित झाले, थोर घराण्यांशी संबंधित प्रतिष्ठित लोकांच्या आशा उंचावल्या. सर्कस आणि नाट्यगृह यांना चटावलेला हलका वर्ग मात्र खिन्न झाला. शब्दांतील तुच्छता बाजूला ठेवली तर यातून लोकमताची विभागणी स्पष्ट होते. सुएटोनियसच्या म्हणण्यानुसार अनेक वर्षे त्याच्या थडग्यावर वसंतात व ग्रीष्मात फुले वाहिली जात होती. इ.स. ६९ च्या यादवीत ओथोने सुवर्णप्रासादाच्या पूर्ततेसाठी पाच कोटी सेस्टर्स मंजूर केले आणि व्हिटेलियसने नीरोच्या स्मृतीस जाहीर अर्घ्य दिले. ज्याच्या नावाचा सर्वांनाच तिटकारा होता अशा माणसाबाबत सत्तेचे दावेदार असे वागले नसते. ६९ पासून पुढील वीस वर्षांत पूर्वेकडे ‘मीच नीरो’ म्हणवणारे तीन तोतये उभे राहिले. सदाशिवरावभाऊंच्या तोतयाचे प्रकरण ज्यांनी वाचले आहे त्यांना या घटनेतील लोकभावना वेगळी समजावून सांगण्याची गरज नाही.

फ्लेव्हियन घराण्याने नीरोची स्मृती वास्तूंतून पुसण्याचे काम पद्धतशीरपणे केले. सरोवराच्या जागी लोकांसाठी भव्य रिंगण उभे राहिले, आणि एका माणसाने बळकावलेले रोम जनतेला परत मिळाले असे कवी मार्शलने त्याचे गुणगान केले. कांस्यपुतळ्याला सूर्यदेवाचे रूप देण्यात आले. हेड्रियनने तो चोवीस हत्तींच्या साहाय्याने हलविला. त्या ‘कोलोसस’वरूनच शेजारच्या रिंगणाला पुढे कलोसियम हे नाव पडले असे मानले जाते. सुवर्णप्रासादाची दालने ट्राजनच्या स्नानगृहांखाली गाडली गेली आणि त्यामुळेच टिकली. पंधराव्या शतकाच्या अखेरीस चित्रकार दोरांनी त्यांत उतरले. त्या गुहांसारख्या दालनांतील अलंकरणावरून कलेच्या परिभाषेत ‘ग्रोटेस्क’ हा शब्द आला.

ख्रिस्ती परंपरेत नीरो हा पहिला छळकर्ता आणि ख्रिस्तविरोधी शक्तीचे रूप ठरला. बायबलमधील प्रकटीकरणाच्या पुस्तकात येणारी ६६६ ही संख्या ‘नीरो सीझर’ या नावाच्या हिब्रू अक्षरांची बेरीज असल्याचे अनेक अभ्यासक मानतात. काही जुन्या प्रतींत ती ६१६ आहे, आणि नावाचे लॅटिन रूप घेतल्यास नेमकी तेवढीच बेरीज येते. नीरो मेलेला नसून परत येणार आहे ही समजूत पाचव्या शतकातही असल्याचे संत ऑगस्टीनने लिहिले आहे. त्याच सुमारास रोममधील सरदारवर्गात वाटल्या जाणाऱ्या पदकांवर नीरोची छबी आवडीने कोरली जात होती.

एडवर्ड चॅम्पलिन यांच्या २००३ मधील ग्रंथाने आणि २०२१ मध्ये ब्रिटिश म्युझियमने भरविलेल्या प्रदर्शनाने नीरोच्या या दुहेरी प्रतिमेकडे पुन्हा लक्ष वेधले. रोममध्ये पिन्चो टेकडीच्या पायथ्याशी सांता मारिया देल पोपोलो हे चर्च आहे. तेथे नीरोच्या थडग्यावर वाढलेल्या अक्रोडाच्या झाडावर भुते वास करीत, म्हणून १०९९ मध्ये पोप पास्कल दुसरा याने ते झाड तोडून प्रार्थनास्थळ उभारले, अशी आख्यायिका आहे. नीरोच्या अस्थी त्याच्या दोन दायांनी आणि अ‍ॅक्टे या त्याच्या जुन्या प्रेयसीने त्याच परिसरातील डोमिटियस घराण्याच्या थडग्यात ठेवल्या होत्या.